खूण, निमित्त, लिंग, ओंकार: उल्हास खोऱ्यातील ध्यानाची चिन्हे

(बदलापूर येथे दिलेल्या व्याख्यानाचे शब्दांकन)



आजचा विषय ध्यानासाठी वापरल्या जाणाऱ्या चिन्हांचा आहे. विषय ऐकून काहींना वाटेल की आता काहीतरी गूढ सांगणार. तसं काही नाही. मी आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलं. गूढ गोष्टींचाही इतिहास असतो आणि तो बऱ्याचदा आपल्या स्टेशनापासून रिक्षाच्या अंतरावर असतो, एवढंच मला आज दाखवायचं आहे.

सुरुवात मात्र लांबून करतो. रॉबर्ट जॉर्डन नावाच्या अमेरिकन लेखकाची 'द व्हील ऑफ टाइम' ही कादंबरीमाला तुमच्यापैकी तरुण मंडळींनी वाचली असेल. तिचा पहिला भाग 1990 साली आला. त्यातले जग संपूर्ण कल्पित आहे. त्या जगातल्या नायकाला त्याचे वडील एक युक्ती शिकवतात. मनात एक ज्योत आणायची, आपली भीती, राग, सगळ्या भावना त्या ज्योतीत टाकायच्या, आणि शेवटी उरलेल्या पोकळीत स्थिर व्हायचे. आता हे लेखकाच्या डोक्यातून आलेले जग आहे. तिथे कोणी ऋषी झाला नाही, कुठे मंदिर बांधले गेले नाही. तरी वाचणारा मुलगा परीक्षेच्या आदल्या रात्री डोळे मिटून ती ज्योत मनात आणून बघतो, आणि त्याला थोडं शांत वाटतं.

मग प्रश्न असा की कल्पित चिन्हानेही मन स्थिर होत असेल, तर आपल्या ओंकारात, आपल्या शिवलिंगात वेगळे काय राहिले? हा प्रश्न थट्टेवारी नेण्यासारखा नाही. श्रद्धाळू माणसाला तो बोचतो आणि न मानणाऱ्याला सोयीचा वाटतो. दोघांनीही थोडे थांबावे. आपण इतिहासाच्या वाटेने जाऊन मग उत्तराकडे येऊ.

कोंढाण्याचा स्तूप

बदलापूरहून कर्जतकडे निघालात की उल्हास नदी तुमच्या सोबतीला असते. तिच्या वरच्या खोऱ्यात, राजमाचीच्या पायथ्याला कोंढाणे लेणी आहेत. इसवी सनापूर्वी पहिल्या शतकाच्या आसपासचे हे बौद्ध लेणे. तिथल्या चैत्यगृहाजवळ कोरलेल्या एका लेखात कण्हाचा शिष्य बलक याने हे केले, असे म्हटले आहे. बाकी त्याच्याबद्दल काही नाही. गुरूचे नाव आणि स्वतःचे नाव, बस.

त्या चैत्यगृहाच्या टोकाला काय आहे? बुद्धाची मूर्ती नाही, तर स्तूप आहे. आज तो फार झिजलेला, मोडलेला आहे. त्या काळातल्या भिक्षूंसमोर बुद्धाचा चेहरा नव्हता, दगडातला एक भरीव गोल घुमट होता. अनुपस्थित माणसाची आठवण करून देणारे चिन्ह असे हवे, की ज्याच्याकडे बघून हा त्याचा चेहरा, असा गैरसमज होणार नाही. स्तूपाच्या बाबतीत तो होत नाही.

या परंपरेने पुढे चिन्हावर ध्यान कसे करायचे याची अगदी कारागिराच्या पद्धतीने कृती लिहून ठेवली. पाचव्या शतकात बुद्धघोषाने श्रीलंकेत 'विसुद्धिमग्ग' लिहिला. त्यात मातीच्या चकतीचे ध्यान आहे. चांगली लालसर माती घ्यायची, त्यातले गवत, मुळ्या, खडे काढायचे, ती मळून एक वीत चार बोटे रुंदीची गोल चकती करायची, समोर ठेवून बघत राहायचे. मग डोळे मिटूनही ती दिसू लागते. त्यानंतर मनात एक दुसरेच रूप उभे राहते. या रूपात मातीवरचे बोटांचे ठसेदेखील नसतात, ते मूळ चकतीपेक्षा स्वच्छ आणि उजळ असते. या रूपाला पालीत शब्द आहे 'निमित्त'. निमित्त म्हणजे खूण.

आता बघा, मराठीत आपण निमित्त हा शब्द कसा वापरतो? "सत्यनारायणाच्या निमित्ताने सगळे भेटले." म्हणजे सत्यनारायण हे कारण खरे, पण भेट ही मिळकत. चकतीचेही तसेच. माती हे निमित्त. त्या मातीत काही दैवी आहे असे बुद्धघोष कुठेही म्हणत नाही. एवढी गोष्ट मनात ठेवा, पुढे लागणार आहे.

अंबरनाथचा गाभारा

आता तिथून हजारेक वर्षे पुढे येऊ आणि नदीने थोडे खाली. अंबरनाथचे शिवमंदिर तुम्ही सगळ्यांनी पाहिलेले आहे. पाहिलेले म्हणजे महाशिवरात्रीला रांगेत उभे राहून.

या मंदिराच्या काळाची गोष्ट सांगतो, कारण ती खुणेचीच गोष्ट आहे. उत्तरेकडील दाराच्या तुळईवर एक शिलालेख आहे. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो वाचला तेव्हा शकवर्ष 782 असे लावले, म्हणजे इसवी सन 860. पुढे पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी ते 982 असे वाचले, म्हणजे इसवी सन 1060. आज हेच वर्ष मानले जाते. दगडावरचा एकच आकडा सात की नऊ, एवढाच प्रश्न. पण त्याने मंदिर दोनशे वर्षे पुढे सरकले. दोघेही मोठे विद्वान होते. चिन्ह समोर असले तरी ते नीट वाचायला शिकावे लागते.

लेखात उत्तर कोकणचा शिलाहार राजा मम्वाणी, ज्याला मुम्मुणी असेही म्हणतात, त्याचे नाव आहे. बांधकाम त्याचा भाऊ छित्तराज याच्या काळात सुरू झाले असावे असे अभ्यासक मानतात. 1868 साली मुंबईच्या कलाशाळेतील मंडळींकडून सरकारने या मंदिराची चित्रे आणि साचे करून घेतले. आपल्याकडच्या वास्तूंच्या पद्धतशीर नोंदींमध्ये हे काम फार लवकरचे आहे.

मंदिराचे तोंड पश्चिमेला आहे. शैली भूमिज. भूमिज म्हणजे शिखरावर छोट्या छोट्या शिखरांच्या ओळी, मजल्यामागून मजला, जणू एकच आकार स्वतःला पुन्हा पुन्हा म्हणतो आहे. सिन्नरचे गोंदेश्वर याच घराण्यातले. अंबरनाथच्या भिंतींवर देवदेवता, अप्सरा, हत्ती इतक्या दाटीने कोरले आहेत की नजर एका जागी ठरत नाही.

पण आत जा. मंडपातून पुढे गेलात की पायऱ्या वर जात नाहीत, खाली उतरतात. वीसएक पायऱ्या. बाहेर एवढा संसार मांडलेला आणि गाभारा जमिनीच्या पोटात, जवळजवळ उघडाबोडका. वर पाहिले तर शिखर पूर्ण नाही, आकाश दिसते. खाली लिंग, साधे, जमिनीलगत.

शिल्पशास्त्राच्या पुस्तकात याचे तांत्रिक वर्णन मिळेल. मला ध्यानाच्या अंगाने एवढेच सांगायचे आहे की, या इमारतीतून चालत जाणे हीच एक शिकवण आहे. अनेक आकारांकडून एका आकाराकडे, उजेडाकडून अंधाराकडे, आवाजाकडून शांततेकडे. मन आवरायला घेतले की नेमका हाच क्रम लागतो. आधी भिंतीवरची सगळी चित्रे दिसतात. मग ती मागे पडतात.

आता लिंग या शब्दाकडे येऊ. मी न्यायशास्त्र शिकवायचो तेव्हा वर्गात या शब्दावर मुले खुसखुसायची. मग मी त्यांना फळ्यावर धूर आणि डोंगर काढून दाखवायचो. न्यायशास्त्रात लिंग म्हणजे ज्यावरून अनुमान करायचे ती खूण. डोंगरावर धूर दिसला तर तिथे आग आहे हे कळते. धूर हे आगीचे लिंग. आग दिसत नाही, धूर दिसतो. जो धुरालाच आग समजेल त्याला थंडीत ऊब मिळणार नाही, आणि जो धुराकडे बघणारच नाही त्याला आग सापडणार नाही. व्याकरणात पुल्लिंग, स्त्रीलिंग म्हणतो तेव्हाही खूण हाच अर्थ असतो. अंबरनाथच्या गाभाऱ्यात जो दगड आहे त्याच्याकडे या अर्थाने पाहा. ती खूण आहे.

मग खुणेची पूजा कशाला? या प्रश्नावर वेदान्त्यांनी फार काटेकोर विचार केला आहे. ब्रह्मसूत्रांच्या चौथ्या अध्यायात प्रतीकाची चर्चा येते. तिथे शंकराचार्यांचे म्हणणे असे की, लहानावर मोठ्याची दृष्टी ठेवावी, मोठ्यावर लहानाची नव्हे. त्यांचे उदाहरण राजाच्या सेवकाचे आहे. सेवकाला राजासारखा मान दिला तर बिघडत नाही, पण राजाला सेवकासारखे वागवले तर अंगाशी येईल. आपल्या भाषेत सांगायचे तर कचेरीतून कागद घेऊन आलेल्या शिपायाला खुर्ची द्या, चहा द्या. तो मान कागदावर ज्याची सही आहे त्याला पोचतो. पण "सगळी कचेरी म्हणजे हा शिपाईच" असे म्हणालात तर गोंधळ झाला. दगडात शिव पाहणे ही उपासना. शिव म्हणजे एवढा दगडच, असे मानणे हा उलटा व्यवहार.

ओंकार: एक हुंकार

आता ओंकार. याच्याबद्दल इतके बोलले गेले आहे की मी दोन-तीनच मुद्दे सांगतो.

पहिला. छांदोग्य उपनिषदाची सुरुवातच ओंकाराच्या उपासनेने होते. तिथे एक गोष्ट सांगितली आहे जी आपण विसरलो. ओम् हे संमतीचे अक्षर आहे. एखाद्या गोष्टीला अनुमती द्यायची तर माणूस ओम् म्हणतो. म्हणजे आपण आजीची गोष्ट ऐकताना देतो तो हुंकार! आजी सांगते, नातू "हूं" म्हणतो. हुंकार थांबला की आजीला कळते, पोर झोपले. इतक्या घरगुती ध्वनीतून हे चिन्ह वर आले आहे.

दुसरा मुद्दा मांडूक्य उपनिषदाचा. अ, उ, म या तीन मात्रा, आणि जागृती, स्वप्न, गाढ झोप या तीन अवस्था. चौथा भाग आहे, पण त्याला मात्रा नाही. म्हणजे उच्चार संपल्यावर जे उरते तेही चिन्हाचाच भाग. शांतता हाही त्या अक्षराचा एक तुकडा. मराठी संतांनी साडेतीन मात्रा म्हटले, तीही याच दिशेची गोष्ट.

तिसरा मुद्दा आपल्या ज्ञानेश्वरीचा, शके 1212 म्हणजे 1290. ग्रंथाच्या आरंभी ज्ञानदेव गणपतीचे रूप उभे करतात आणि पावले, पोट, मस्तक अशा अवयवांत ओंकाराच्या तीन मात्रा वाटून देतात. हा गणपती म्हणजे सगळे वाङ्मय. सहा दर्शने हे सहा हात. आणि एका हातात मोडका दात आहे, तो बौद्ध मताचा संकेत. मघाशी कोंढाण्याला भेटलेले बौद्ध इथे खंडित झालेले मत म्हणून येतात. पण बघा, खंडित म्हणून फेकून दिलेले नाहीत. तो दात गणपतीच्याच हातात आहे. वाद घातला, पण ज्याच्याशी वाद घातला त्याला चित्रातून काढले नाही. आजच्या वादविवादांत हा दात मला फार आठवतो.

चिन्हाचा लिखित प्रवासही पाहण्यासारखा आहे. जुन्या शिलालेखांच्या आणि ताम्रपटांच्या आरंभी अनेकदा एक मंगलचिन्ह असते. लहान मुलांची अक्षरओळख 'ॐ नमः सिद्धम्' ने होई. ते म्हणता म्हणता झिजून मराठीत 'ओनामा' हा शब्द तयार झाला. कशाचाही ओनामा करणे म्हणजे सुरुवात करणे. ध्यानाचे चिन्ह पाटीवर आले, पाटीवरून बोलीत आले.

उल्हासनगरचा एक

आता नदीने आणखी थोडे खाली. दुसऱ्या महायुद्धात कल्याणजवळ लष्कराची मोठी छावणी होती. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या सुमारे एक लाख माणसांना तिथल्या बराकींत जागा मिळाली. 8 ऑगस्ट 1949 रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांच्या हस्ते या वसाहतीचे उल्हासनगर झाले. नाव नदीवरून. आजही लोक पत्ता सांगताना "कॅम्प नंबर चार" असेच म्हणतात.

या लोकांपैकी अनेक घराणी नानकपंथी. बराकीत पुरते अंथरूण नव्हते तेव्हाही दरबार उभे राहिले, ग्रंथसाहेब आला, आणि त्याबरोबर एक चिन्ह आले: इक ओंकार. गुरुमुखीत ते असे लिहितात. आधी एक हा आकडा. मग उघड्या तोंडाचा ओ. आणि त्यावरून पुढे ओढलेली रेघ.

तत्त्वज्ञानाच्या विद्यार्थ्याला इथे थांबावेच लागते. अक्षराच्या आधी आकडा कशासाठी? मला त्याचा अर्थ असा लागतो. शब्दाची भाषांतरे होतात, नावे अनेक होतात. कोणी ओम् म्हणेल, कोणी आणखी काही. एक हा आकडा मात्र भाषांतराच्या पलीकडचा आहे. बोटाने दाखवला तरी कळतो. गुरू नानकांनी जुने अक्षर घेतले आणि त्याच्या पुढ्यात एक ठेवून जणू पहाऱ्याला बसवले, की याचे पुन्हा अनेक करू नका.

आणि आता मराठी माणसाने कान देऊन ऐकावे असे. 1604 साली गुरू अर्जनदेवांनी जो ग्रंथ सिद्ध केला त्यात आपल्या नामदेवांची 61 पदे आहेत. ज्ञानदेवांबरोबर तीर्थयात्रा केलेले नामदेव पंजाबात घुमानपर्यंत पोचले अशी परंपरा आहे. 2015 चे मराठी साहित्य संमेलन त्याच घुमानला झाले. म्हणजे काय झाले? पंढरीहून एक शिंपी उत्तरेला गेला. त्याची वाणी त्या ग्रंथात गेली. तो ग्रंथ सिंधमध्ये गेला. 1947 नंतर सिंधी माणसाने तो डोक्यावर घेऊन कल्याणच्या छावणीत आणला. अंबरनाथ ते उल्हासनगर हे लोकलने एका स्टेशनाचे अंतर. नामदेवांची वाणी हे अंतर साडेसहाशे वर्षांचा वळसा घालून चालून आली. आणि आपण एकमेकांना इतकी वर्षे "ते" आणि "आम्ही" म्हणतो.

मग कल्पित चिन्हाचे काय?

आता सुरुवातीच्या प्रश्नाकडे. कादंबरीतल्या ज्योतीने मन शांत होते का? होते. पतंजलींनी योगसूत्रांच्या पहिल्या पादात मन स्थिर करण्याचे अनेक उपाय सांगून शेवटी असे म्हटले आहे की, जे आवडेल त्याचे ध्यान केले तरी चालेल. एवढी मोकळीक त्यांनी दिली आहे. बुद्धघोषाची चकती तर मातीचीच. हठयोगात त्राटक आहे, एखाद्या सूक्ष्म बिंदूकडे डोळ्यांतून पाणी येईपर्यंत एकटक बघायचे. तिथेही बिंदू पवित्र असण्याची अट नाही. तेव्हा आमचेच चिन्ह मनाला थांबवते, इतरांचे नाही, हा दावा आपल्याच शास्त्राला धरून नाही. तो सोडून द्यावा.

पण पतंजलींनी त्याच पादात ओंकाराबद्दल आणखी एक गोष्ट सांगितली आहे. नुसता जप नाही, त्याच्या अर्थाची भावनाही करायची. म्हणजे चिन्हाची कामे दोन. एक, मनाला जागेवर बसवणे. दुसरे, बसलेल्या मनाला तोंड कोणत्या दिशेला करायचे ते सांगणे. पहिले काम चकती करते, ज्योत करते, कादंबरीही करते. दुसरे काम एकट्याच्या कल्पनेने होत नाही. त्याला अनेक पिढ्या त्या खुणेशी कशा वागल्या याचा साठा लागतो. इक ओंकारात लंगर आहे, एका पंगतीला बसणे आहे. स्तूपात भिक्षापात्र आहे, घर सोडणे आहे. कादंबरीतली ज्योत तुम्हाला शांत करेल. पण शांत झाल्यावर शेजाऱ्याशी कसे वागायचे हे ती एकटी सांगू शकत नाही.

आणि इथेच आपली खरी परीक्षा आहे. कारण ज्या चिन्हांना हा साठा आहे, त्यांच्याशीही आपण कल्पित असल्यासारखे वागू शकतो. गाडीच्या काचेवर ॐ चिकटवतो आणि त्याच गाडीने सिग्नल तोडतो. अंबरनाथचे मंदिर ज्या वालधुनी नदीच्या काठी आहे, तिचे पाणी आज काय आहे हे मी सांगायला नको, पूल ओलांडताना रुमाल नाकाला लावावा लागतो. कारखान्यांचे पाणी, गटाराचे पाणी, सगळे तिच्यात. 2014 साली नदीत ओतलेल्या रसायनांमुळे वायू पसरला आणि उल्हासनगरमध्ये काठच्या वस्तीतील माणसांना रुग्णालयात न्यावे लागले. शिवाला अभिषेक पाण्याचा करतात. गाभाऱ्यात तांब्याभर स्वच्छ पाणी आणि भिंतीपलीकडे ही नदी! याचा अर्थ एवढाच की जप चालू आहे आणि अर्थाची भावना थांबली आहे. धूर आहे, पण आगीकडे कोणी बघत नाही.

चिन्ह आणखी एका प्रकारे बिघडते. ते मालकीचा शिक्का होते. ही आमची खूण, ती तुमची. खुणेचे काम पलीकडे बोट दाखवण्याचे. कुंपणाच्या खांबाला आपण खूण म्हणत नाही. उल्हास नदीच्या एका खोऱ्यात स्तूप, लिंग आणि इक ओंकार या तीन खुणा दोन हजार वर्षांत येऊन बसल्या. यांचे म्हणणे एकच आहे असे मी म्हणणार नाही. नाहीच ते एक. बौद्धांचा आणि नैयायिकांचा वाद शतकानुशतके चालला आणि तो खरा वाद होता. पण तिघांनीही एक खबरदारी घेतली. तिघांच्याही चिन्हाला चेहरा नाही. चेहरा नसला की बघणाऱ्याला तिथेच अडकून राहता येत नाही.

एक प्रश्न

व्याख्यानानंतर एका श्रोत्या भगिनींनी विचारले, "सर, हे सगळे ऐकल्यावर मंदिरात जाऊन नेमके काय करायचे?"

चांगला प्रश्न आहे. मी म्हणेन, गर्दी नसेल अशा दिवशी जा. बाहेरची भिंत सावकाश बघा, घाई करू नका. पायऱ्या मोजत उतरा. खाली दोन मिनिटे काही मागू नका. नुसते बघा. वर आलात की मंदिराला पाठ करून नदीकडे तोंड करा आणि तीही तेवढाच वेळ बघा. तिच्यासाठी काय करता येईल हे मग वॉर्डात, सोसायटीत, जिथे जमेल तिथे विचारा. अर्थाची भावना म्हणजे माझ्या मते एवढेच.

आपण शांतपणे ऐकून घेतलेत, मधूनमधून हुंकारही दिलात.